कागद काय म्हणतो, माती काय म्हणते: ऐतिहासिक पुरातत्त्वात नव्याने येणाऱ्यांसाठी

1783 च्या पॅरिस तहात अमेरिका आणि ब्रिटिशांचा कॅनडा यांची हद्द सेंट क्रॉय नदीवरून जाईल असं ठरलं. ठरलं खरं, पण सेंट क्रॉय म्हणजे नेमकी कोणती नदी यावरच एकमत होईना. त्या किनाऱ्याला येऊन मिळणाऱ्या नद्या अनेक, आणि जो तो आपल्या सोयीची नदी दाखवायचा. 1604 साली फ्रेंचांनी त्या नदीतल्या एका बेटावर वसाहत केली होती आणि त्यांच्यातल्या शाम्प्लेन या नकाशाकाराने तिचा नकाशा काढून ठेवला होता. शेवटी तो नकाशा घेऊन लोक बेटावर गेले, झाडोरा साफ केला, थोडं खणलं, तर घरांचे पाये निघाले. नदी सापडली, आणि 1798 साली हद्दीच्या आयोगाने तसा निवाडा दिला.

ऐतिहासिक पुरातत्त्वाला हे नाव मिळायला अजून बराच काळ जायचा होता, पण कामाची रीत तीच होती: एका हातात कागद, दुसऱ्या हातात फावडं. नवख्या लोकांना ही गोष्ट मी हमखास सांगतो, आणि लगेच सावधही करतो. इथे कागद आणि माती यांची साक्ष जुळली. रोजच्या कामात ती बरेचदा जुळत नाही, आणि ज्या दिवशी जुळत नाही त्या दिवशीच काहीतरी नवं कळण्याची शक्यता असते. पुढच्या सगळ्या पायऱ्या त्या न जुळण्यापर्यंत नीट पोचण्यासाठी आहेत.

आधी नावाचा घोळ मिटवू

'ऐतिहासिक पुरातत्त्व' हा शब्द दोन अर्थांनी वापरला जातो आणि नवखा वाचक इथेच अडखळतो. पहिला अर्थ पद्धतीचा: जिथे लिखित साधनं आणि जमिनीतले अवशेष दोन्ही उपलब्ध आहेत, तिथला कुठलाही काळ. या अर्थाने दोन-अडीच हजार वर्षांपूर्वीचं शहरसुद्धा यात बसतं, आणि जिथे लेखनाची परंपरा जुनी आहे अशा देशांत हा शब्द बहुधा याच अर्थाने येतो. दुसरा अर्थ काळाचा: साधारण 1500 नंतरचं जग, म्हणजे युरोपीयांचा समुद्रापार विस्तार, वसाहती, गुलामांचा व्यापार, मळे, कारखाने, बाजारासाठी घाऊक बनलेला माल. अमेरिका आणि ऑस्ट्रेलियात हा दुसरा अर्थ रूढ आहे. ब्रिटनमध्ये जवळपास त्याच काळाला 'मध्ययुगोत्तर पुरातत्त्व' म्हणतात. पुस्तक हातात घेतलं की लेखक कोणत्या अर्थाने बोलतोय ते पहिल्या दहा पानांत शोधा. मी इथे मुख्यतः दुसऱ्या अर्थाने बोलतो आहे, कारण या शाखेची स्वतःची हत्यारं त्या कामातून घडली.

हे क्षेत्र कसं घडलं

सुरुवात मोठ्या माणसांच्या घरांपासून झाली. वसाहतीचा संस्थापक, सेनापती, राष्ट्रपुरुष यांची घरं आणि किल्ले पुन्हा उभारायचे, म्हणून पाये शोधायचे. 1926 पासून रॉकफेलर यांच्या पैशांतून व्हर्जिनियातल्या विल्यम्सबर्ग शहराची पुनर्बांधणी सुरू झाली. तिथे सुरुवातीला समांतर तिरके चर खणत जायचे, वीट लागली की भिंतीच्या कडेने पुढे जायचं, असा खाक्या होता. कोणती वस्तू कोणत्या थरात होती याची नोंद ठेवायची गरज कुणाला वाटली नाही. आर्किटेक्टला भिंत हवी होती, त्याला ती मिळाली.

1607 च्या इंग्रज वसाहतीची जागा असलेल्या जेम्सटाउनला 1930 च्या दशकात तर आर्किटेक्ट आणि पुरातत्त्वज्ञ यांचं इतकं बिनसलं, की विटांच्या पायापासून तीन फुटांच्या आत पुरातत्त्वज्ञांनी खणायचं नाही असा दंडक होता. तेवढा पट्टा आर्किटेक्टचा. भिंत आणि तिच्या शेजारची माती यांचा संबंध नेमका त्या तीन फुटांत असतो, हे ज्याने एकदा तरी खणलंय त्याला सांगायला नको. 1936 साली जे. सी. हॅरिंग्टन तिथे आले आणि हा प्रकार बंद झाला. अमेरिकेतल्या या शाखेचे जनक म्हणून त्यांचंच नाव घेतात.

पुढची दोन-तीन दशकं 'ही इतिहासाची दासी आहे की स्वतंत्र विद्या?' या वादात गेली. 1966 साली ब्रिटनमध्ये आणि 1967 साली अमेरिकेत या अभ्यासाच्या स्वतंत्र संस्था निघाल्या. 1966 सालीच अमेरिकेत वारसा संरक्षणाचा कायदा झाला आणि सरकारी पैशाच्या किंवा परवानगीच्या बांधकामाआधी जागा तपासणं आलं. आज अमेरिकेतलं बहुतेक उत्खनन विद्यापीठांकडून होत नाही. रस्ता, धरण किंवा इमारत येणार म्हणून होतं. या क्षेत्रात पोट भरायचं असेल तर हे आधीच ठाऊक असलेलं बरं.

खरा बदल प्रश्नांत झाला. 1968 साली चार्ल्स फेअरबँक्स यांनी फ्लोरिडातल्या किंग्जली मळ्यावर मालकाचा वाडा सोडून गुलामांच्या झोपड्या खणल्या. मळ्यांच्या हिशेबवह्यांत गुलाम येतो तो आकडा म्हणून, किंमत म्हणून. झोपडीच्या जमिनीत त्याचं जेवण होतं, शिकार आणि मासेमारीच्या खुणा होत्या. तेव्हापासून बायका, मजूर, स्थलांतरित, मूळ रहिवासी, म्हणजे ज्यांच्याबद्दल इतरांनी लिहिलं पण ज्यांना स्वतःबद्दल लिहिता आलं नाही असे लोक, या शाखेच्या केंद्रस्थानी आले.

पायरी 1: प्रश्न लहान ठेवा

'इथे काय आहे ते बघू' हा प्रश्न नाही. 'या घरातले लोक कसे जगत होते' हाही फार मोठा झाला. 'नळाचं पाणी आल्यावर या अंगणातली विहीर कधी बुजवली आणि कशाने बुजवली' हा प्रश्न चालेल. प्रश्न लहान असला की कोणता कागद शोधायचा आणि कुठे खणायचं हे आपोआप ठरतं, आणि कुठे खणायचं नाही हेही.

पायरी 2: कागद वाचा, पण संशयाने

थापी हातात घेण्याआधी कित्येक आठवडे दप्तरखान्यात जातात. जमिनीचे खरेदीखत, करपट्ट्या, जनगणनेचे तक्ते, कोर्टाचे कागद, चर्चच्या बाप्तिस्मा-दफनाच्या नोंदी, विमा कंपन्यांचे नकाशे, दुकानांच्या उधारीच्या वह्या, जुने फोटो, पत्रं. प्रत्येक कागदाला तीन प्रश्न विचारायचे: कुणी लिहिला, कुणासाठी लिहिला, आणि काय लिहायची त्याला गरज नव्हती? तिसरा प्रश्न बहुतेक जण विसरतात.

मृत्यूनंतर केलेल्या मालमत्तेच्या याद्या घ्या. या शाखेसाठी त्या म्हणजे सोनं. खोलीवार सामान, प्रत्येक वस्तूची किंमत. पण यादी करणारे लोक वारसांसाठी आणि सावकारांसाठी किंमत लावत होते. ज्याला किंमत नाही ते 'किरकोळ जुनं सामान' या एका ओळीत जातं, आणि उत्खननात सर्वांत जास्त तेच किरकोळ जुनं सामान निघतं. तरी या याद्यांचा एक मोठा उपयोग आहे. त्या काळचे लोक आपल्या भांड्यांना काय म्हणत, हे त्यातून कळतं. 1983 साली मेरी बोड्री आणि सहकाऱ्यांनी व्हर्जिनिया-मेरीलँड भागातल्या अशा याद्यांमधल्या शब्दांवरून मातीच्या भांड्यांचं वर्गीकरण तयार केलं. आपण ज्याला सरसकट 'वाडगा' म्हणू त्याला तेव्हा उपयोगानुसार वेगवेगळी नावं होती.

जुना नकाशा आजच्या नकाशावर बसवताना निदान तीन-चार पक्के बिंदू शोधा: न हललेला चौक, चर्च, पूल, खडक. दोन बिंदूंवर नकाशा कसाही बसतो, आणि तुम्हाला हवा तसा बसतो. शिवाय नकाशात दाखवलेली इमारत बांधली गेली होतीच असं नाही. कित्येक नकाशे ही नुसती योजना असते.

तोंडी आठवणी या पायरीतच गोळा करा. 1876 साली अमेरिकी सैन्य आणि मूळ रहिवासी यांच्यात झालेल्या लिटल बिगहॉर्न लढाईत सेनाधिकारी कस्टरच्या तुकडीतला कुणी वाचला नाही. लढाई पाहिलेले उरले ते विरुद्ध बाजूचे लकोटा आणि शायेन लोक, आणि कस्टरच्या बाजूचे क्रो वाटाडे, आणि त्यांच्या हकिगती विस्कळीत म्हणून वर्षानुवर्षं बाजूला ठेवल्या गेल्या. 1983 साली वणव्याने तिथलं गवत जळालं. पुढच्या दोन हंगामांत स्वयंसेवकांच्या ओळी मेटल डिटेक्टर घेऊन मैदानावरून चालल्या, आणि मिळालेली प्रत्येक गोळी व काडतूस नेमक्या जागेसह नोंदवलं. बंदुकीची पिन काडतुसाच्या बुडावर आपली खूण उठवते, त्यामुळे एकच बंदूक मैदानात कुठून कुठे गेली हेसुद्धा काढता आलं. निघालेलं चित्र त्या बाजूला ठेवलेल्या हकिगतींशी बरंच जुळलं आणि शेवटपर्यंत शिस्तीत लढणाऱ्या तुकडीच्या प्रसिद्ध चित्रांशी जुळलं नाही.

या पायरीच्या शेवटी एक काम सक्तीचं समजा. कागदांवरून तुम्हाला जमिनीत काय सापडेल असं वाटतं ते लिहून काढा, तारीख घाला आणि वही बंद करा. खणून झाल्यावर 'मला वाटलंच होतं' म्हणण्याचा मोह प्रत्येकाला होतो. लिहून ठेवलं असेल तर तो टिकत नाही.

पायरी 3: परवानगी आणि माणसं

जमीनमालकाची लेखी संमती आणि त्या देशाच्या पुरातत्त्व कायद्याप्रमाणे लागेल तो परवाना. याबद्दल जास्त बोलण्यासारखं काही नाही. नसेल तर खणायचं नाही. मेटल डिटेक्टर घेऊन एकट्याने फिरणंही यातच आलं. लिटल बिगहॉर्नला यंत्र तेच होतं, फरक होता तो नोंदीचा.

बोलायचं आहे ते माणसांबद्दल. 1991 साली न्यूयॉर्कमध्ये सरकारी इमारतीच्या पायासाठी खणताना आफ्रिकी लोकांची 18व्या शतकातली दफनभूमी लागली. जुन्या नकाशावर ती स्पष्ट दाखवलेली होती. पण नंतरच्या इमारतींच्या तळघरांनी ती केव्हाच नष्ट केली असणार, असं गृहीत धरलं गेलं होतं. प्रत्यक्षात जुन्या घळीत टाकलेल्या खोल भरावाखाली कबरी शाबूत होत्या. उकरण्याचं काम घाईने चाललं होतं. शहरातल्या कृष्णवर्णीय समाजाने आंदोलन करून ते थांबवायला लावलं. पुढे 419 जणांच्या अवशेषांचा अभ्यास हॉवर्ड विद्यापीठाकडे गेला, कोणते प्रश्न विचारायचे यात समाजाचा वाटा राहिला, आणि 2003 साली ते सगळे अवशेष सन्मानाने पुन्हा दफन केले गेले. या प्रकरणाने आमच्या क्षेत्राची कामाची रीतच बदलली. ज्यांचे पूर्वज जमिनीत आहेत त्यांना आधी भेटा, काम पुरं झाल्यावर नव्हे. आणि मानवी हाड दिसलं की त्या क्षणी हात थांबवायचा, कळवायचं त्यांना कळवायचं.

पायरी 4: खणण्याआधी चालून या

जमिनीवर चालताना बरंच काही फुकट कळतं. ओळीत उभी जुनी झाडं, अंगणात लावतात तशी फुलझाडं रानात एकटीच, गवताचा वेगळा रंग, चौकोनी खोलगट भाग. त्यानंतर यंत्रं: जमिनीचा विद्युतरोध मोजणारं, चुंबकीय फरक टिपणारं, रडार. जळालेली वीट आणि लोखंड चुंबकीय यंत्राला छान दिसतं, पण आधुनिक तारा आणि पाइपसुद्धा तितकेच छान दिसतात. यंत्राने दाखवलेला डाग म्हणजे भिंत नव्हे. खात्रीसाठी ठरावीक अंतरावर लहान चाचणी खड्डे घ्यावे लागतातच.

पायरी 5: खणताना

जागेवर न हलणारा एक बिंदू ठरवा आणि सगळी मोजमापं, उंचीसकट, त्यावरून घ्या. त्यावर चौकटी आखा. मग थापीने खरवडत, एकेक थर उलट्या क्रमाने काढत जा: जो थर सर्वांत शेवटी पडला तो सर्वांत आधी निघाला पाहिजे. ऐकायला सोपं, पण सगळं कौशल्य इथेच आहे. थर म्हणजे केकचे थर नव्हेत. कुणीतरी मधूनच खड्डा खणलेला असतो, तो वेगळ्याच मातीने भरलेला असतो, त्या भरावातून पुढे पाइप गेलेला असतो. म्हणून प्रत्येक घटनेला वेगळा क्रमांक द्यायचा: खड्डा खणला ही एक घटना, तो भरला ही दुसरी. 1973 साली एडवर्ड हॅरिस यांनी हे सगळे क्रमांक आधी-नंतरच्या नात्याने एका आकृतीत मांडायची पद्धत काढली. हॅरिस मॅट्रिक्स म्हणतात ती हीच, आणि आज जगभर तीच वापरतात. ती रोज संध्याकाळी जागेवरच काढा. हंगामानंतर आठवून काढलेली आकृती म्हणजे कल्पनाशक्तीचा नमुना असतो.

दोन खुणा ओळखायला शिका. एक, खांबाची. लाकडी खांब जमिनीत पुरताना आधी मोठा खड्डा घेतात, खांब उभा करून माती लोटतात. पुढे खांब कुजतो आणि त्याच्या जागी गडद गोल डाग राहतो: मोठ्या फिक्या चौकोनात लहान काळं वर्तुळ. 17व्या शतकातल्या चेसापीक भागातल्या वसाहतकारांची बहुतेक घरं अशी खांबांवर होती आणि जमिनीवर त्यांचं आज काहीही उरलेलं नाही. जुने लोक विटांच्या भिंती शोधत राहिले आणि बहुसंख्यांची घरं चरांमधून तशीच निसटली.

दुसरी, शौचकूप आणि विहीर. नवख्यांची नाकं मुरडतात, पण या शाखेतला सर्वांत चांगला पुरावा इथेच मिळतो. वापर थांबला की रिकाम्या खड्ड्यात घरातला कचरा पडतो, बरेचदा कुटुंब बदललं तेव्हा किंवा गटार आलं तेव्हा, आणि थोड्याच दिवसांत. म्हणजे एका कुटुंबाचं एका वेळचं सामान बंद डब्यात ठेवल्यासारखं. तळच्या मातीत फळांच्या बिया आणि आतड्यातल्या जंतांची अंडीसुद्धा टिकतात, तिथली माती धुऊन तपासण्यासाठी वेगळी राखून ठेवा. सहा मिलिमीटरच्या चाळणीतून टाचण्या, मणी, माशांची हाडं सरळ खाली जातात. आणि अशा खोल खड्ड्यात आधाराशिवाय कधीही उतरू नका. कडा ढासळतात, पुरातत्त्वासाठीही ढासळतात.

वरचा थर 'आधुनिक कचरा' म्हणून फावड्याने भिरकावण्याची सवय इतर शाखांत चालली. आपल्या शाखेत बरेचदा तोच आपला विषय असतो.

पिशवीवर जागा, चौकट, थराचा क्रमांक, तारीख. माझ्या पहिल्या हंगामात मी चार पिशव्यांवर थराचा क्रमांक टाकायला विसरलो. त्यांतली खापरं आजही सुंदर आहेत आणि आजही निरुपयोगी आहेत.

पायरी 6: वस्तूंवरून काळ काढणं

इथे मला थोडं रमायचं आहे, कारण ही या शाखेची खास कमाई. घाऊक माल कधी बनू लागला आणि कधी बंद झाला याच्या नोंदी असतात, त्यामुळे एखाददुसऱ्या दशकापर्यंत काळ काढता येतो.

सोप्या वस्तूंपासून सुरुवात करा. खिळे: लोहाराने ठोकून केलेला खिळा चारही बाजूंनी निमुळता होतो, 1790 च्या दशकापासून पत्र्यातून यंत्राने कापलेले खिळे आले, ते दोनच बाजूंनी निमुळते, 19व्या शतकाच्या अखेरीस आजचे गोल तारेचे खिळे. बाटल्या: बुडाला खरखरीत गोल व्रण असेल तर बाटलीचं तोंड घडवताना ती बुडाला चिकटवलेल्या सळईवर धरलेली होती, आणि असे व्रण 1860 च्या दशकानंतर कमी होत जातात. साच्याची शिवण तोंडाच्या कडेवरून पार गेली असेल तर बाटली पूर्णपणे यंत्राची, म्हणजे 1903 च्या सुमाराला ओवेन्सचं स्वयंचलित यंत्र आलं त्यानंतरची. चिनी मातीच्या बशीमागे 'इंग्लंड' छापलेलं असेल तर ती बहुधा 1891 नंतरची, कारण तेव्हापासून अमेरिकेत येणाऱ्या मालावर देशाचं नाव घालणं कायद्याने आवश्यक झालं.

मग मातीचे तंबाखूचे पाइप. स्वस्त, ठिसूळ, लगेच फेकले जाणारे, म्हणून हजारोंनी सापडतात. 1954 साली हॅरिंग्टन यांच्या लक्षात आलं की दांडीतलं भोक काळानुसार बारीक होत गेलंय. ड्रिलची टोकं घालून त्यांनी ते इंचाच्या चौसष्टाव्या भागात मोजलं: 1620 ते 1650 मध्ये 8, 1650 ते 1680 मध्ये 7, मग 6, 5, आणि 1750 नंतर 4. 1962 साली लुईस बिनफर्ड यांनी त्याचं सूत्र केलं: 1931.85 वजा 38.26 गुणिले भोकांची सरासरी. सरासरी 6 आली तर 1931.85 वजा 229.56, म्हणजे 1702. सूत्राचा गंमतीदार अर्थ असा, की 1931 च्या अखेरीस भोक नाहीसंच व्हायला हवं होतं! म्हणून ते मधल्या काळापुरतं, इंग्रजी पाइपांपुरतं आणि भरपूर तुकडे असतील तरच वापरतात. पाच तुकड्यांवर वापरू नका.

खापरांसाठी स्टॅन्ली साउथ यांनी 1970 च्या दशकात असंच सोपं गणित दिलं. प्रत्येक प्रकारच्या भांड्याच्या उत्पादनकाळाचा मध्य घ्या, त्याला तुकड्यांच्या संख्येने गुणा, बेरीज करा, एकूण तुकड्यांनी भागा. समजा एका खड्ड्यात फिक्या रंगाच्या इंग्रजी भांड्यांच्या तीन प्रकारांचे 100 तुकडे निघाले: 30 क्रीमवेअरचे (1762 ते 1820, मध्य 1791), 60 पर्लवेअरचे (1780 ते 1830, मध्य 1805) आणि 10 व्हाइटवेअरचे (1820 नंतर, साउथ यांचा मध्य 1860). उत्तर येतं 1806.3. छान, दशांशासकट! पण आता त्या दहा तुकड्यांकडे पुन्हा बघा. व्हाइटवेअर 1820 च्या आधी बनतच नव्हतं. म्हणजे हा खड्डा 1806 साली भरलेला असणं शक्यच नाही. थरातली सर्वांत नवी वस्तू थराचा काळ ठरवते: थर त्या सालानंतरचाच. खणणारे याला टीपीक्यू म्हणतात (लॅटिन 'टर्मिनस पोस्ट क्वेम'चं लघुरूप). मग सरासरी निरुपयोगी का? नाही. 1806 आणि 1820 नंतर यांतली दरी सांगते की या घरात भांडी बराच काळ वापरात होती, जुनी टिकवली जात होती, किंवा दोन वेळचा कचरा मिसळला आहे. यांतलं कोणतं, ते थरांची आकृती सांगेल.

खणण्याची संधी नसेल तर जुन्या दफनभूमीत सराव करा. तिथे प्रत्येक वस्तूवर तारीख कोरलेली असते. 1960 च्या दशकात जेम्स डीट्झ आणि एडविन डेथलेफ्सन यांनी अमेरिकेच्या ईशान्येकडच्या न्यू इंग्लंड भागातल्या थडग्यांवरची नक्षी मोजली: आधी पंखांची कवटी, मग पंखांचा देवदूत, मग कलश आणि विलोचं झाड. प्रत्येक नक्षी हळूहळू येते, शिखरावर जाते, ओसरते. वस्तूंच्या आवडीनिवडी अशाच चालतात, हे तिथे एका दुपारी डोळ्यांनी दिसतं. वही-पेन्सिल पुरे, थडग्यावर खडू घासू नका.

पायरी 7: दोन्ही साक्षी समोरासमोर

आता ती बंद केलेली वही काढा. डाव्या रकान्यात कागदाने सांगितलेलं, उजव्या रकान्यात मातीने दाखवलेलं, आणि मध्ये एक रुंद रिकामा रकाना. जुळलेल्या ओळींवर वेळ घालवू नका. न जुळलेल्या प्रत्येक ओळीसमोर विचारा: कागद खोटा, की अपुरा? माती विस्कटलेली, की मी चुकीचं वाचलं? की दोघंही खरं बोलतायत, पण वेगवेगळ्या माणसांबद्दल?

शेवटची शक्यता सर्वांत फलदायी. 1565 साली वसलेल्या फ्लोरिडातल्या सेंट ऑगस्टीन गावात कॅथलीन डीगन यांनी स्पॅनिश घरं खणली. कागदावर ती स्पॅनिश वसाहत. जमिनीत घराची बांधणी आणि चारचौघांत दिसणाऱ्या वस्तू स्पॅनिश, पण स्वयंपाकाची मडकी मोठ्या प्रमाणात स्थानिक आदिवासी घडणीची. सैनिकांनी स्थानिक बायकांशी लग्नं केली होती. कागद पुरुषांनी लिहिला, चूल बायकांकडे होती.

माणूस सांगतो एक आणि कचरा सांगतो दुसरं, हे आजच्या काळातही तपासता येतं. विल्यम रॅथ्जी यांनी 1973 पासून अमेरिकेतल्या टूसॉन शहरातल्या घरांचा ताजा कचरा उपसून मोजला आणि लोकांच्या मुलाखतींशी ताडून पाहिला. लोक बिअर पितो म्हणाले त्यापेक्षा डब्यात रिकामे कॅन जास्त होते. तीनशे वर्षांपूर्वीच्या रोजनिशीत हा गुण नसेल असं मानायला काही आधार नाही.

पायरी 8: लिहा, आणि दोन ठिकाणी ठेवा

उत्खनन म्हणजे पुरावा नष्ट करणं. तोच थर दुसऱ्यांदा खणता येत नाही. म्हणून खणण्याच्या एका दिवसामागे धुणं, क्रमांक घालणं, मोजणं, चित्रं काढणं यांचे कित्येक दिवस हिशेबात धरा, पैशांतही धरा. लोखंड वाळलं की पापुद्रे सुटतात, ओलं चामडं आणि लाकूड वाळलं की आक्रसतं. हे काम संरक्षण-तज्ज्ञाचं, घरच्या घरी प्रयोग करू नका.

न्यूयॉर्कचा फाइव्ह पॉइंट्स हा भाग 19व्या शतकातल्या लेखनात घाण, दारू आणि गुन्ह्यांचं आगर म्हणून गाजलेला. 1991 साली तिथले शौचकूप आणि तळघरं खणली तेव्हा साडेआठ लाखांच्या आसपास वस्तू निघाल्या. त्यांत चहाचे नीटस संच होते, शोभेच्या वस्तू होत्या, कष्टकरी कुटुंबांच्या संसाराची सगळी धडपड होती. वर्णन करणाऱ्यांनी ती पाहिली नव्हती किंवा पाहायची नव्हती. तो सगळा संग्रह वर्ल्ड ट्रेड सेंटरच्या एका इमारतीच्या तळघरात ठेवलेला होता. 11 सप्टेंबर 2001 नंतर त्यातल्या 18 वस्तू उरल्या, त्याही दुसऱ्या संस्थेला प्रदर्शनासाठी दिल्या होत्या म्हणून. अभ्यासकांना आज फाइव्ह पॉइंट्सबद्दल जे म्हणता येतं ते नोंदवह्या, मोजणीचे तक्ते आणि अहवालाच्या जोरावर. तुमच्या नोंदींची दुसरी प्रत आजच दुसऱ्या इमारतीत नेऊन ठेवा.